नाव तेच, माणूस भलताच!

मराठवाड्यातल्या कुठल्याही पारावर उभं राहून 'नामदेवराव' अशी हाक मारा, दोन-चार माना तरी हमखास वळतील. नावं मोजकी आणि माणसं उदंड म्हटल्यावर नामसाधर्म्याचा घोळ व्हायचाच. हा घोळ अभंगांच्या गाथेत झाला, सातबाऱ्यावर झाला, मतदान यंत्रावर झाला आणि एकदा तर त्यातून अख्ख्या जगाच्या खिडक्यांची काच बदलली. हिंगोलीपासून सुरुवात करू. फिरून यायचं मात्र पार इंग्लंड-जर्मनीपर्यंत.

गाथेत नामे किती?

संत नामदेवांचा (१२७०–१३५०) जन्म हिंगोली तालुक्यात कयाधूकाठच्या नरसीचा, असं परंपरा सांगते. काही अभ्यासक पंढरपूरकडे बोट दाखवतात. नामदेव पंजाबात गेले आणि त्यांची ६१ पदं शिखांच्या गुरु ग्रंथसाहिबात जाऊन बसली. पंजाबातल्या त्यांच्या घुमान गावी २०१५ मध्ये ८८वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं, अध्यक्ष होते सदानंद मोरे. गंमत आहे ती मराठी गाथेत. 'नामा' अशी मुद्रा घालून लिहिणारे एकटे नामदेव नव्हते. सोळाव्या शतकात विष्णुदास नामा झाले, त्यांनी महाभारत मराठीत आणलं. नकलून घेणाऱ्यांना शेवटी 'नामा' दिसला की त्यांनी रचना थेट संत नामदेवांच्या खात्यावर जमा केली. कुठला अभंग कोणाचा, याची निवड अभ्यासक भाषेच्या वळणावरून आणि आत आलेल्या काळाच्या खुणांवरून आजही करताहेत.

गावाला माणसाचं नाव

नरसीसुद्धा एकटी नाही. शेजारच्या नांदेड जिल्ह्यात नायगाव तालुक्यात दुसरी नरसी आहे. मग एसटीत बसताना 'नरसी नामदेव' असं पूर्ण सांगितलेलं बरं, नाहीतर कंडक्टर विचारणारच, "कोणती नरसी?" इतर गावांना हा मान मिळाला नाही, त्यांची बोळवण 'बुद्रुक' आणि 'खुर्द' यांवर झाली. सरकारला तेवढ्यानंही भागेना. २०२० नंतरच्या नव्या सातबाऱ्यावर गावाच्या नावाशेजारी गावाचा कोड क्रमांक छापून येतो. नावं जुळतील, कोड जुळणार नाही.

एक नागनाथ, तीन पत्ते

औंढा नागनाथ हे बारा ज्योतिर्लिंगांपैकी एक, हे हिंगोलीकरांना सांगायला नको. पण गुजरातेत द्वारकेजवळचा नागेश्वर आणि उत्तराखंडातला जागेश्वर यांचाही तोच दावा आहे. भांडणाचं मूळ 'दारुकावन' नेमकं कुठलं, यात आहे. देवाचा गट क्रमांक कुणी नोंदवून ठेवला नाही, त्यामुळे तिन्ही ठिकाणी रांगा लागतात आणि तिन्ही ठिकाणचे भाविक निश्चिंत असतात. नामदेवांचे गुरू विसोबा खेचर भेटले ते औंढ्यालाच, असं परंपरा सांगते.

नदी आहे की प्रल्हादाची आई?

दोन्ही. हिरण्यकशिपूची पत्नी आणि भक्त प्रल्हादाची आई कयाधू. तेच नाव घेऊन हिंगोलीजवळून वाहणारी नदी पुढे पैनगंगेला मिळते.

आजोबा आणि नातू, एकच सही

आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवायची रीत. म्हणजे नामदेव विठ्ठल यांचा मुलगा विठ्ठल नामदेव आणि त्याचा मुलगा पुन्हा नामदेव विठ्ठल. आडनाव तेच, गाव तेच, वावरही तेच! वारस नोंद लावायची राहून गेली असेल, तर सातबाऱ्यावरचा नामदेव वैकुंठवासी आहे की कॉलेजात शिकतोय, हे नुसतं नाव वाचून ब्रह्मदेवालाही कळायचं नाही. म्हणून कागद नावावर विसंबत नाही. सातबाऱ्यावर भोगवटादाराच्या नावाजवळ खाते क्रमांक असतो, क्षेत्र असतं, आकार असतो आणि फेरफाराचा क्रमांक असतो. तो क्रमांक धरून गाव नमुना ६ म्हणजे फेरफार नोंदवही उघडली की हे नाव कधी आणि कसं लागलं, वारसानं की खरेदीनं, ते कळतं. एका खातेदाराची गावातली सगळी जमीन एकत्र बघायची तर नमुना ८-अ. सातबारा हे नावही दोन नमुन्यांच्या जोडीतूनच आलंय, सातवा हक्काचा आणि बारावा पिकाचा.

आईचं नाव आधी

१ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत क्रम असा : मुलाचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. राज्य मंत्रिमंडळानं हा निर्णय मार्च २०२४ मध्ये घेतला. मानाचा मुद्दा आहेच, वर नावबंधूंची गर्दीही कमी होते. आजोबा-नातवाचं जुळलं तरी आजेसासू-नातसुनेचं नाव एकच असण्याचा योग विरळा! या हिशेबानं आमच्या संतांचा दाखला निघाला असता 'नामदेव गोणाई दामाशेटी रेळेकर' असा. हिंगोली जिल्ह्याचाही वाढदिवस १ मे, पण १९९९ सालचा. नियम लागू व्हायच्या २५ वर्षं आधीचा जन्म असल्यानं त्याला सूट आहे. तरी कुणी आईचं नाव विचारलंच, तर सांगायचं : परभणी.

तुमचा तटकरे कोणता?

२०१४ ची लोकसभा, रायगड. शिवसेनेचे अनंत गीते राष्ट्रवादीच्या सुनील तटकरे यांच्यापेक्षा फक्त २,११० मतांनी पुढे राहिले. त्याच यंत्रावर आणखी एक सुनील तटकरे होते, अपक्ष. त्यांना मिळाली ९,८४९ मतं. पुढचा हिशेब ज्याचा त्यानं करावा. त्याच निवडणुकीत छत्तीसगडच्या महासमुंदमध्ये चंदूलाल आणि चंदूराम साहू मिळून अकरा जण रिंगणात उतरले होते. इतक्या गर्दीतूनही भाजपचे चंदूलाल साहू अजित जोगींना १,२१७ मतांनी हरवून निघाले. हिंगोलीत त्या वर्षी राजीव सातव अवघ्या १,६३२ मतांनी जिंकले. इतक्या अटीतटीच्या लढतीत एखादा नावबंधू काय करू शकतो, ते रायगडकरांना विचारा.

नियमांत याची सोय जुनीच आहे. दोन उमेदवारांची नावं सारखी असतील, तर व्यवसाय किंवा राहण्याचं ठिकाण जोडून त्यांना वेगळं दाखवायचं. १ मे २०१५ नंतरच्या निवडणुकांत नावाशेजारी फोटोही आला. तरी २०२४ मध्ये दिंडोरीत भास्कर भगरे जिंकले आणि 'तुतारी' चिन्हावरच्या बाबू भगरे या अपक्षानं एक लाखावर मतं खेचली. भास्कररावांच्या पक्षाचं चिन्ह होतं 'तुतारी वाजवणारा माणूस'. नाव आणि चिन्ह दोन्ही जुळल्यावर फोटो बिचारा काय करणार?

आडनावाच्या चौकशीतून निघाली काच

आता काचेकडे. आपण 'नाव सारखं, नातं नाही' म्हणून विषय सोडून देतो. इंग्लंडमध्ये सेंट हेलेन्स इथं १८२६ पासून चालत आलेल्या पिल्किंग्टन या काचकंपनीनं तो सोडला नाही. मालक घराण्यातल्या एकाला वंशावळीचा नाद. त्या नादात त्याची गाठ पडली दुसऱ्याच एका पिल्किंग्टन कुटुंबाशी. कागद उलटेपालटे करूनही नातं काही सापडलं नाही. पण बोलता बोलता कळलं, की यांचा मुलगा इंजिनीअर आहे. मुलाचा जन्म आपल्या कलकत्त्याचा, १९२० चा. केंब्रिजचं शिक्षण, दुसऱ्या महायुद्धात शत्रूच्या कैदेत काढलेली वर्षं. हा ॲलिस्टर पिल्किंग्टन १९४७ मध्ये कंपनीत दाखल झाला.

पुढं त्यानं जे केलं, त्यातून आज आपल्या खिडकीला, गाडीला, शोकेसला लागणारी जवळजवळ सगळी सपाट काच तयार होते. तोवर आरशासारखी सपाट काच हवी तर ती दोन्ही बाजूंनी घासून-पुसून गुळगुळीत करावी लागे. ॲलिस्टरनं वितळलेली काच वितळलेल्या कथलावर सोडली. कथील २३२ अंशांना वितळतं आणि काचेपेक्षा जवळजवळ तिप्पट जड असतं, त्यामुळे काच वर तरंगते. सुमारे हजार अंशांना ती कथलावर येते, पसरते, सपाट होते आणि सहाशेच्या आसपास उचलण्याइतकी घट्ट होऊन बाहेर पडते. कथलाला गंज चढू नये म्हणून वर नायट्रोजन आणि थोडा हायड्रोजन कोंडलेला असतो. मोकळी सोडली तर ही काच स्वतःहूनच सहा-सात मिलिमीटर जाडीवर थांबते. कल्पना १९५२ ची, जाहीर घोषणा १९५९ ची. मधल्या सात वर्षांत सुमारे ७० लाख पौंड खर्ची पडले आणि वर्षभराहून जास्त काळ कारखान्यातून निघणारी काच थेट भंगारात गेली. १९७० मध्ये ॲलिस्टर 'सर' झाले. भांडी धुताना ही युक्ती सुचली अशी दंतकथा आहे. खरी कथा त्याहून भारी : आडनाव दुसरं असतं, तर हा पोरगा कदाचित त्या कारखान्याचं फाटकही पाहता ना.

कोणता सीमेन्स?

विजेच्या मोटारीवर 'सीमेन्स' वाचलं की आठवतो तो वेर्नर, १८४७ मध्ये बर्लिनला कंपनी काढणारा. पण काचेच्या भट्टीचा बादशहा त्याचा धाकटा भाऊ फ्रीडरिश. १८५६ मध्ये त्यानं अशा भट्टीचं पेटंट घेतलं, जी स्वतःचीच उष्णता परत वापरते. बाहेर जाणारा तप्त धूर विटांच्या जाळीतून सोडायचा, विटा लाल झाल्या की दिशा उलटी करायची आणि आत येणारी हवा त्याच विटांवरून आणायची. हवा आधीच तापलेली, जळण कमी, आच जास्त. तिसरा भाऊ विल्हेल्म लंडनला जाऊन चार्ल्स विल्यम झाला, याच भट्टीच्या कामात त्याचाही हात. चौथा भाऊ हान्स ड्रेस्डेनमध्ये काचकारखाना चालवत होता. १८६७ मध्ये तो वारला, कारखाना फ्रीडरिशकडं आला आणि तिथं टाकीची भट्टी रुळली : एका टोकाला कच्चा माल टाका, दुसऱ्या टोकाला रस घ्या, रात्रंदिवस. भावाभावांत एकच आडनाव असलं की पेटंटच्या कागदावर पहिलं नाव नीट वाचावं लागतं, ते असं.

वडील प्रभाकर, कंदील प्रभाकर

महाराष्ट्रात लोकांकडून एकेक पैसा गोळा करून तळेगाव दाभाड्याला १९०८ मध्ये पैसाफंड काच कारखाना उभा राहिला. कल्पना अंताजी दामोदर काळे यांची, पाठबळ टिळकांचं. १९१६ मध्ये कऱ्हाडजवळ ओगले बंधूंनी आपला कारखाना काढला, त्यावरून गावच ओगलेवाडी झालं. काचतंत्राचं शिक्षण अमेरिकेत घेऊन आलेल्या भावाचं नाव गुरुनाथ प्रभाकर ओगले. वडील प्रभाकर आणि घराघरांत पोचलेला कंदीलही 'प्रभाकर'! वीज यायच्या आधी रॉकेल, वात आणि रोज राखेनं पुसायची ती काच, हा संध्याकाळचा ठरलेला कार्यक्रम असे.

औंध, औंध आणि औंढा

ओगल्यांचा कारखाना होता औंध संस्थानात, साताऱ्याकडच्या. पुण्यातल्या औंधला लागून असलेल्या विद्यापीठाच्या आवारात 'आयुका' ही खगोलसंस्था आहे. आणि आयुका ज्यात सहभागी आहे, तो लायगो-इंडिया प्रकल्प आपल्या औंढ्याजवळ येतोय. केंद्रीय मंत्रिमंडळानं त्याला एप्रिल २०२३ मध्ये मंजुरी दिली, खर्च २,६०० कोटी रुपये. चार-चार किलोमीटरच्या दोन भुजा काटकोनात आणि काम गुरुत्वीय लहरी पकडायचं.

काचेची खरी करामत इथं आहे. अमेरिकेतल्या लायगोचे मुख्य आरसे शुद्ध सिलिकाच्या काचेचे आहेत : ३४ सेंटिमीटर व्यास, २० सेंटिमीटर जाडी, वजन ४० किलो. असा प्रत्येक आरसा काचेच्याच चार धाग्यांवर लटकतो. धागा ६० सेंटिमीटर लांब आणि जाडीला फक्त ०.४ मिलिमीटर, तरी दहा किलो भार निमूट पेलतो. हे धागे भट्टीत नाही, लेसरनं काच वितळवून ओढतात आणि लेसरनंच जोडतात. तारेऐवजी काच कशाला? काचेच्या धाग्यात उष्णतेची थरथर कमी, आणि इथं कान द्यायचा असतो तो प्रोटॉनहूनही बारीक हालचालीला.

लहरींचं बारसं

या लहरींना नाव देताना शास्त्रज्ञांनी पंचांग काढलं नाही, तारीखच ठेवली. १४ सप्टेंबर २०१५ ला सापडलेली पहिली लहर म्हणजे 'जीडब्ल्यू १५०९१४'. वर्ष, महिना, दिवस, झालं काम. २१ मे २०१९ ला मात्र एकाच दिवशी दोन लहरी आल्या. नावबंधूंचा घोळ अवकाशातही! मग दुसरीच्या नावात तास, मिनिट आणि सेकंद जोडले गेले. उद्या औंढ्याची यंत्रणा चालू झाली, की तिथल्या नोंदींतही तारखेपुढं घड्याळ लिहिलं जाईल. तोवर तलाठ्याकडे जाताना तुम्ही नुसतं नाव सांगू नका, खाते क्रमांकही घेऊन जा.