नाव, कवच आणि कूळ : आर्माडिलो व त्याचे नामशेष आप्त

१

पारिभाषिक शब्दांच्या घडणीची चर्चा वर्गात चालू असता एका विद्यार्थ्याने प्रश्न केला की, 'आर्माडिलो' या प्राण्यास मराठीत काय म्हणावे? दुसऱ्याने तत्काळ उत्तर दिले, "खवल्या मांजर." उत्तर चुकीचे होते, परंतु ती चूक सामान्य नव्हती. बाह्य साम्य पाहून नाते ठरविण्याची जी प्रवृत्ती भाषांच्या वर्गीकरणात पदोपदी आढळते, तीच येथे एका प्राण्याच्या बाबतीत प्रकट झाली होती. प्रस्तुत लेखक प्राणिशास्त्रज्ञ नव्हे. तथापि आर्माडिलो आणि त्याचे नामशेष झालेले कवचधारी आप्त यांचा वंशवृक्ष कसा ठरत गेला, हा इतिहास भाषाभ्यासकाने आवर्जून पाहावा असा आहे. तो थोडक्यात मांडण्याचा येथे प्रयत्न केला आहे.

२

प्रथम नावांचा विचार करू. आर्माडिलो हा मूळचा दक्षिण अमेरिकेतील प्राणी. त्याच्या वीसहून अधिक जाती आज हयात आहेत. स्पॅनिश लोकांनी तो पाहिला आणि 'चिलखत घातलेला' या अर्थाच्या 'आर्मादो' या शब्दास लघुत्वदर्शक प्रत्यय लावून त्याला 'आर्मादियो', म्हणजे 'चिमुकला चिलखत्या', असे नाव दिले. मेक्सिकोतील नाहुआत्ल भाषेत त्याला 'आयोतोच्त्ली' म्हणत. त्याचा अर्थ 'कासव-ससा'. पाठ कासवाची आणि कान सशाचे, असे हे सामासिक नाव होय. तुपी-गुआरानी भाषांतील 'तातू' हा शब्द पोर्तुगीज व फ्रेंच भाषांनी उचलला. लिनिअसने १७५८ मध्ये या प्राण्यांच्या एका प्रजातीस 'डॅसिपस' ही संज्ञा दिली. हा मूळ ग्रीक शब्द 'केसाळ पायाचा' या अर्थाचा असून ग्रीक लोक तो सशास लावीत.

ही सर्व नावे वर्णनपर आहेत, आणि वर्णन म्हणून ती समर्पकही आहेत. परंतु वर्णन म्हणजे वंशावळ नव्हे. 'कासव-ससा' म्हणणाऱ्याने त्या प्राण्यास कासवाच्या वा सशाच्या कुळात घातले, असे आपण मानीत नाही. शास्त्रज्ञ मात्र अशाच वर्णनपर नावांमुळे दीर्घकाळ फसले.

३

अठराव्या शतकाच्या अखेरीस युरोपातील प्राणिशास्त्रज्ञांनी 'एडेंटाटा', म्हणजे 'दंतहीन', असा एक गण कल्पिला. त्यात मुंगीखाऊ, स्लॉथ व आर्माडिलो यांच्या जोडीला आशिया-आफ्रिकेतील खवल्या मांजरही कालांतराने जाऊन बसले. नावातच विसंगती होती. महाकाय आर्माडिलोच्या तोंडात ८० ते १०० लहान लहान दात असू शकतात. भूचर सस्तन प्राण्यांत इतके दात क्वचितच कोणास असतील. पण याहून मोठा दोष पद्धतीचा होता. एखादी गोष्ट नाहीशी होणे, किंवा एकाच गरजेपोटी एकसारखी साधने निर्माण होणे, हे परस्परांशी संबंध नसलेल्या कुळांतही घडते. मुंग्या-वाळवी खाणाऱ्या प्राण्याचे मुख लांबते, दात क्षीण होतात, नखे बळकट होतात. यासाठी समान पूर्वजाची आवश्यकता नसते.

आता कवचाचे पाहू. आपल्या सह्याद्रीत आणि कोकणात आढळणाऱ्या खवल्या मांजराचे खवले केसांच्या व नखांच्या द्रव्याचे, म्हणजे केराटिनाचे, असतात. त्यांत हाड नसते. उलट आर्माडिलोचे कवच त्वचेतच तयार होणाऱ्या अस्थिफलकांचे असून त्यावर शृंगमय पदार्थाचा केवळ पातळ थर असतो. दोन्ही प्राणी चिलखत ल्यालेले खरे. पण एकाचे चिलखत नखाचे, दुसऱ्याचे हाडाचे. खवल्या मांजराचे सर्वांत जवळचे हयात आप्त म्हणजे मांजर, कुत्रा इत्यादींचा मांसभक्षक गण, असे आज मानले जाते. तेव्हा मराठी नावातील 'मांजर' हे पद, जरी ते वंशशोधाने आलेले नसले, तरी 'खवल्या' या पदाहून आपणास सत्याच्या अधिक जवळ नेते.

आर्माडिलो, स्लॉथ आणि मुंगीखाऊ यांचे नाते मात्र खरे ठरले. त्यांच्या पाठीच्या खालच्या मणक्यांत इतर सस्तन प्राण्यांत न आढळणारे जादा सांधे असतात. कोप याने १८८९ मध्ये यावरूनच 'झेनार्थ्रा', म्हणजे 'विलक्षण सांध्यांचे', असे नाव योजिले. येथील पुरावा अभावाचा नसून समान नवनिर्मितीचा आहे, हे ध्यानात घ्यावे. भाषांचे उपकुल ठरवितानाही आपण हाच निकष लावतो.

४

नामशेष आप्तांची कथा अधिक उद्बोधक आहे. दक्षिण अमेरिकेच्या मैदानांत जाड अस्थिफलकांचे तुकडे सापडत. प्रारंभी ते मेगॅथेरियम या महाकाय भूचर स्लॉथचेच कवच असावे, असे पुष्कळांस वाटले. १८३२ मध्ये डार्विनला बाहिया ब्लांकाजवळ असे अवशेष मिळाले, तेव्हा त्याचाही समज तोच होता. १८३९ मध्ये रिचर्ड ओवेन याने हे कवच एका स्वतंत्र प्राण्याचे असल्याचे दाखविले आणि दातांवरील खोल पन्हळींवरून त्याला 'ग्लिप्टोडॉन', म्हणजे 'कोरीव दातांचा', असे नाव दिले.

ग्लिप्टोडॉन आणि त्याचे सगोत्र आर्माडिलोहून अनेक बाबतींत भिन्न होते. आर्माडिलोच्या खांद्यावरील व कटीवरील ढालींमध्ये हलणारे पट्टे असतात. त्यामुळे त्याला अंग वाकविता येते, आणि तीन पट्ट्यांच्या आर्माडिलोस तर आपले पुरते गाठोडे करून घेता येते. ग्लिप्टोडॉनचे कवच मात्र हजाराहून अधिक फलकांचा एकसंध घुमट होते. पाठीचे मणके जुळून त्यांची जणू नळीच झाली होती. डोक्यावर निराळी अस्थिमय टोपी असे. डीडिक्युरस नावाच्या प्रकारात शेपटीचे टोक गदेसारखे फुगीर होते. या ग्रीक नावाचा अर्थच 'मुसळशेपट्या' असा आहे. त्याची लांबी शेपटीसह सुमारे ४ मीटर आणि वजन दीड टनाच्या आसपास असावे. या दोन टोकांच्या मध्ये पॅम्पाथेर हा तिसरा समूह होता. त्याच्या कवचात हलणारे तीन पट्टे होते.

हे प्राणी हिमयुगाच्या अखेरीपर्यंत, म्हणजे दहा-बारा हजार वर्षांपूर्वीपर्यंत, टिकून होते. मनुष्याने त्यांना पाहिले होते, इतकेच नव्हे तर कापलेही होते. अर्जेंटिनात सापडलेल्या एका ग्लिप्टोडॉनवर्गीय प्राण्याच्या हाडांवरील, सुमारे २१,००० वर्षांपूर्वीच्या, हत्यारांच्या खुणा २०२४ मध्ये प्रसिद्ध झाल्या आहेत.

५

एवढ्या भिन्न रूपाच्या प्राण्यांस आर्माडिलोच्या शेजारी, पण बाहेर, एक वेगळे कुळ देणे स्वाभाविक होते. ही व्यवस्था दीर्घकाळ मान्य होती. २०१६ मध्ये दोन स्वतंत्र संशोधकगटांनी डीडिक्युरसच्या प्राचीन डी. एन. ए. चे विश्लेषण प्रसिद्ध केले आणि ती कोसळली.

यांपैकी एका गटाची रीत भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्यास विशेष मोह घालील. सुमारे १२,००० वर्षांपूर्वीच्या कवचाच्या तुकड्यात डी. एन. ए. अत्यल्प आणि छिन्नविच्छिन्न होता. तो वेचून काढण्यास गळ हवा होता. संशोधकांनी हयात झेनार्थ्रा प्राण्यांच्या डी. एन. ए. ची तुलना करून त्यांच्या पूर्वजांतील रूपे गणिताने पुनर्रचिली आणि त्या अनुमानित रूपांच्या गळास खरे प्राचीन अवशेष लागले. आपण मूळ भाषेच्या रूपांस तारांकित करतो, कारण ती कोणी ऐकलेली नसतात. सोस्यूरने १८७९ च्या निबंधात केवळ तुलनेच्या बळावर काही लुप्त वर्ण कल्पिले. कुरिलोविचने १९२७ मध्ये त्यांतील एकाची खूण हित्ती लेखांत दाखवून दिली. अनुमानाने प्रत्यक्षास हाक द्यावी आणि प्रत्यक्षाने ओ द्यावी, असा हा प्रकार आहे.

निष्कर्ष असा की, ग्लिप्टोडॉन हे आर्माडिलोंचे शेजारी नसून आर्माडिलोंच्या वंशवृक्षातीलच एक शाखा आहेत. ही शाखा सुमारे साडेतीन कोटी वर्षांपूर्वी वेगळी झाली. तिचे निकटचे हयात आप्त म्हणजे महाकाय आर्माडिलो, तीन पट्ट्यांचा आर्माडिलो आणि तळहातावर मावणारा, शंभरेक ग्रॅम वजनाचा गुलाबी आर्माडिलो. हा चिमुकला जीव अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत नित्य दिसणाऱ्या नऊ पट्ट्यांच्या आर्माडिलोपेक्षा दीड टनी मुसळशेपट्यास नात्याने अधिक जवळचा ठरतो.

बलुचिस्तानातील ब्राहुई भाषेचे येथे स्मरण होते. तिचा शब्दसंग्रह शेजारच्या भाषांनी इतका व्यापला आहे की, वरवर ऐकणारा तिला द्राविडी म्हणणार नाही. पण सर्वनामे आणि पहिली संख्यानामे तिचे कूळ सांगून जातात. अर्थात दृष्टांत ताणू नये. भाषा शेजाऱ्याकडून उसने घेतात. आर्माडिलो खवल्या मांजराकडून कवच उसने घेऊ शकत नाही. तेथील साम्य समान गरजेतून येते. साम्याची कारणे दोन्ही क्षेत्रांत भिन्न आहेत. साम्यावरून नाते ठरविण्यातला धोका मात्र एकच.

६

आता वर्गातील प्रश्नाकडे वळू. आर्माडिलोस मराठीत काय म्हणावे? 'खवल्या' म्हटल्यास निसर्गात नसलेले नाते भाषेत उत्पन्न होईल, आणि पाठ्यपुस्तकात गेलेली अशी नाती सहसा तुटत नाहीत. 'दंतहीन' या एका शब्दाने किती काळ दिशाभूल केली, हे आपण पाहिले. माझ्या मते 'आर्माडिलो' हाच शब्द स्वीकारावा. तो परका आहे, म्हणूनच कोणाशी खोटे नाते सांगत नाही. ग्लिप्टोडॉनास 'नामशेष आर्माडिलो' म्हणण्यास आता हरकत नसावी.

त्या विद्यार्थ्याचे उत्तर चुकले. पण त्याने डोळ्यांना दिसले ते सांगितले होते. अभ्यासाचा आरंभ तेथूनच होतो. जे दिसते ते वंशागत आहे, गरजेतून उपजले आहे, की उसने आहे, हा प्रश्न विचारण्याची सवय लावून घेणे एवढेच त्याच्याकडून आणि आपणा सर्वांकडून अपेक्षित आहे.