टॉल्किनची दलदल : जे पडेल ते जपणारी जमीन

जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये डोंगर, अरण्ये आणि गडकोट पानोपानी भेटतात, पण वाचकाच्या मनात रुतून बसते ती डेड मार्शेस ही दलदल. १९५४ साली आलेल्या ‘द टू टॉवर्स’ या खंडात फ्रोडो आणि सॅम हे दोन हॉबिट गॉलम या वाटाड्याच्या मागोमाग ती ओलांडतात. तिथली जादू खरी वाटते, कारण पाणथळ जमीन प्रत्यक्षात जे करते, त्यावरच ती उभी आहे. अशी जमीन आपल्यात पडलेले सहजासहजी सोडत नाही आणि टॉल्किन यांनी तिचा हा स्वभाव अचूक पकडला होता.

थडगी गिळणारे पाणी

मॉर्डॉरच्या काळ्या दरवाजासमोर दागोरलाडचे मैदान आहे. दुसऱ्या युगाच्या ३४३४ व्या वर्षी एल्फ आणि माणसे यांची संयुक्त फौज तिथे मॉर्डॉरचा अधिपती सॉरॉन याच्याशी लढली. मेलेल्यांना तिथेच पुरले. पुढे शेजारची दलदल हळूहळू पसरत गेली आणि थडगी पाण्याखाली गेली. फ्रोडो तिथे पोहोचतो तेव्हा तिसऱ्या युगाचे ३०१९ वे वर्ष चालू असते. म्हणजे मध्ये तीन हजारांहून अधिक वर्षे लोटली आहेत.

दलदल अशी खरोखर पसरते. थंड, पावसाळी प्रदेशांत स्फॅग्नम नावाचे शेवाळ स्वतःच्या कोरड्या वजनाच्या वीसपटीपर्यंत पाणी धरून ठेवते. निचरा थांबला की लगतची जमीन भिजते, तिथली झाडे मरतात आणि शेवाळ पुढे सरकते. मेलेले शेवाळ पुरते कुजत नाही. त्याचे थरावर थर साचून पीट तयार होते आणि ते वर्षाला जेमतेम एक मिलिमीटर वाढते. आयर्लंडच्या मेयो परगण्यात पाच हजार वर्षांहून जुन्या शेतांचे दगडी बांध अशाच पीटखाली सापडले आहेत.

न कुजणारे चेहरे

डेड मार्शेसच्या पाण्यात चेहरे दिसतात. त्यात एल्फ आहेत, माणसे आहेत आणि सॉरॉनच्या बाजूचे ऑर्कही आहेत. कोण कोणाच्या बाजूने लढला, याची दलदलीला पर्वा नाही. गॉलमने त्यांना स्पर्श करून पाहिलेला असतो, पण हाती काहीच लागलेले नसते.

खऱ्या दलदलीतला चेहरा मात्र हाताला लागतो. १९५० साली डेन्मार्कमध्ये जळणासाठी पीट कापणाऱ्यांना एक प्रेत सापडले. ते इतके ताजे दिसत होते की अलीकडेच कुणाचा खून झाला असावा, असे वाटून पोलिसांना कळवण्यात आले. टोलुंड मानव म्हणून ओळखला जाणारा तो माणूस इसवी सनापूर्वी चौथ्या शतकाच्या आसपासचा निघाला. त्याच्या हनुवटीवरचे खुंट, कपाळावरच्या सुरकुत्या आणि डोक्यावरची कातडी टोपी शाबूत होती. त्याने शेवटचे काय खाल्ले होते, हेही पोटातल्या अवशेषांवरून कळले. पीटमधले पाणी आम्लधर्मी आणि थंड असते, प्राणवायू त्यात जवळपास नसतोच. त्यामुळे कुजवणारे जीवाणू जगत नाहीत आणि शेवाळातील द्रव्ये कातडी कमावल्यासारखी टिकवतात.

वाट चुकवणारे दिवे

या पाण्यावर रात्री फिकट ज्योती हलतात. त्यांच्याकडे बघू नका, असे गॉलम बजावतो, तरी फ्रोडो भारल्यासारखा त्यांच्याकडे ओढला जातो. असे दिवे जगभरच्या लोककथांत आहेत. कच्छच्या बन्नी भागात त्यांना ‘चिर बत्ती’ म्हणतात. आपल्याकडे दिव्याविनाच रात्रीच्या वाटसरूला घुमवत ठेवणारा चकवा आहे.

१७७६ साली अलेस्सांद्रो व्होल्टा यांनी इटलीतील माज्जोरे सरोवराकाठच्या चिखलातून सुटणारे बुडबुडे गोळा केले आणि तो वायू पेट घेतो हे दाखवले. तो मिथेन होता आणि दलदलीतले दिवे त्याच्याच जळण्याने दिसत असावेत, असे मानले जाते. मिथेनला पाणथळीत ठिणगी कशी मिळते, यावर शास्त्रज्ञांत अजून एकमत नाही.

सोमचा चिखल

पहिल्या महायुद्धात टॉल्किन १९१६ च्या जूनमध्ये फ्रान्सला गेले आणि लँकेशायर फ्युझिलियर्सचे संदेशवहन अधिकारी म्हणून सोमच्या लढाईत उतरले. १ जुलै या पहिल्याच दिवशी ब्रिटिशांचे १९ हजारांहून अधिक सैनिक ठार झाले. त्यांत टॉल्किन यांचा शाळासोबती रॉब गिल्सन होता. नोव्हेंबरमध्ये उवांमुळे पसरणाऱ्या तापाने आजारी पडून ते मायदेशी परतले.

१९६० सालच्या एका पत्रात त्यांनी लिहिले की, डेड मार्शेसवर सोमनंतरच्या उत्तर फ्रान्सचे काहीसे ऋण आहे. त्याहून मोठे ऋण त्यांनी विल्यम मॉरिस यांच्या कथांचे मानले. तरीही तिएप्वालचे स्मारक आठवले की पाण्यातल्या त्या चेहऱ्यांचा अर्थ गडद होतो. सोमच्या परिसरात मरण पावलेल्या, पण ज्ञात थडगे नसलेल्या ७२ हजारांहून अधिक सैनिकांची नावे त्या स्मारकावर कोरलेली आहेत. तिथे नावे आहेत आणि देह नाहीत. टॉल्किन यांच्या दलदलीत चेहरे उरले आहेत, नावे गेली आहेत.

ओल गेली की

टॉल्किन यांच्या जगात सत्तेची अंगठीही पाणथळीजवळच हरवते. ग्लॅडन फील्ड्सपाशी ती जवळ बाळगणारा इसिल्डुर मारला जातो, अंगठी नदीत पडते आणि सुमारे २,४६० वर्षे कुणालाही सापडत नाही.

खऱ्या पीटभूमी याहून मोलाचे धन सांभाळतात. जगाच्या जमिनीचा जेमतेम तीन टक्के भाग त्यांनी व्यापला आहे, पण सगळ्या जंगलांतील झाडाझुडपांपेक्षा अधिक कार्बन त्यांच्यात साठलेला आहे. शेतीसाठी किंवा जळणासाठी चर खणून पाणी काढले की हवा आत शिरते, हजारो वर्षे थांबलेले कुजणे सुरू होते आणि तो कार्बन वातावरणात मिसळतो. थरांतले परागकण, लाकूड आणि माणसांच्या खुणाही त्याबरोबर जातात. त्या थरांतूनच जुने हवामान आणि जुनी शेती कळते. ‘पडीक’ म्हणून दलदल सुकवणे म्हणजे न वाचलेला दप्तरखाना जाळणे आहे. टॉल्किन यांची दलदल वाचून ज्यांच्या अंगावर काटा आला, त्यांनी खऱ्या दलदलींची बाजू घ्यायला हवी. तिथले पाणी टिकले, तरच हे सारे टिकेल.