लिहून ठेवलेली उपज

संगीतकार निकोलाय कापुस्तीनच्या पियानोसाठीच्या आठ ‘कॉन्सर्ट एट्यूड्स’पैकी पहिली मी प्रथम ऐकली, तेव्हा वाटलं की कुणी कसलेला जॅझ पियानोवादक रंगात येऊन सुचेल तसं वाजवतोय. काही दिवसांनी तीच रचना स्वरलिपी पुढ्यात घेऊन ऐकली आणि थक्क झालो. उजव्या हाताची प्रत्येक तान, डाव्या हाताचा प्रत्येक ठेका, आघात कुठे द्यायचा, सगळं कागदावर छापलेलं. वादकाच्या मर्जीवर एक सूरही सोडलेला नव्हता. ख्याल ऐकत वाढलेल्या माझ्यासारख्याला हे पचायला वेळ लागला. आपल्याकडे बंदिश बांधलेली असते, उपज मात्र त्या क्षणाची. तीच लिहून काढली तर ती उपज कसली?

कापुस्तीन आयुष्यभर याच प्रश्नाला भिडत राहिला.

जन्म २२ नोव्हेंबर १९३७चा, युक्रेनमधल्या होर्लिव्का गावचा. युद्धात कुटुंबाला दूर किर्गिझियातल्या तोकमाकला हलावं लागलं. किशोरवयात तो मॉस्कोला शिकायला आला. तिथे त्याला अव्रेलियान रुबाख हे गुरू मिळाले. रुबाख हे फेलिक्स ब्लुमेनफेल्ड यांचे शिष्य, आणि विख्यात पियानोवादक होरोविट्झही ब्लुमेनफेल्ड यांच्याकडेच शिकलेला. पुढे मॉस्को कॉन्झर्व्हेटरीत अलेक्झांडर गोल्डेनवायझर यांची तालीम मिळाली. गोल्डेनवायझर हे टॉलस्टॉयच्या निकटच्या वर्तुळातले, त्याच्यासाठी पियानो वाजवलेले. रशियन पियानोची याहून अस्सल तालीम दुसरी नव्हती.

याच वर्षांत त्याला जॅझची ओढ लागली. स्टॅलिनच्या अखेरच्या काळात जॅझकडे शत्रूचं संगीत म्हणून पाहिलं जाई. १९५५पासून मात्र ‘व्हॉइस ऑफ अमेरिका’वर विलिस कोनोव्हरचा कार्यक्रम सुरू झाला आणि शॉर्टवेव्हवरून ते सूर सोव्हिएत घरांत पोचू लागले. १९५७ साली मॉस्कोत जागतिक युवक महोत्सव भरला. तिथे एकोणीस वर्षांच्या कापुस्तीनने स्वतःची पहिली क्रमांकित रचना, पियानो आणि वाद्यवृंदासाठीची ‘कॉन्सर्टिनो’, वाजवली.

१९६१ला पदवी हाती आली. अशी तालीम मिळालेल्याने एकलवादक म्हणून मैफली कराव्यात, स्पर्धा जिंकाव्यात, हीच रीत. कापुस्तीन मात्र ओलेग लुंडस्ट्रेमच्या जॅझ वाद्यवृंदात पियानोवर जाऊन बसला. हा वृंद १९३४ साली चीनमधल्या हार्बिन शहरात जन्मलेला आणि १९४७ला मायदेशी परतलेला. कापुस्तीन त्यात अकरा वर्षं होता. नंतर नभोवाणी-दूरचित्रवाणीसाठी वाजवणारा वृंद, मग १९८४पर्यंत चित्रपट वाद्यवृंद. नोकरीची ही तेवीस वर्षं त्याच्या चरित्रात बहुतेक जण दोन ओळींत उरकतात. मला त्याच्या संगीताचं मूळ तिथेच दिसतं. लुंडस्ट्रेमच्या वृंदासारख्या बिग बँडमध्ये पाच सॅक्सोफोन एकाच वेळी मनाला येईल ते वाजवू शकत नाहीत. एका सुरावटीत पाचही जण एकजीव धावतात, आणि ऐकणाऱ्याला ते उत्स्फूर्त वाटतं, कारण कुणीतरी ते तसं लिहिलेलं असतं. कापुस्तीनच्या पियानोत तोच वृंद ऐकू येतो. उजव्या हातातले भरगच्च स्वरसमूह म्हणजे सॅक्सोफोनची रांग, डाव्या हातात बास आणि ड्रम्स.

१९७७च्या ‘जुन्या शैलीतल्या सुइट’मध्ये त्याने बाखच्या काळातले नृत्यप्रकार जसेच्या तसे घेतले, आलमांद, गावोत, साराबांद, बुरे आणि जीग, आणि त्यांच्या अंगात जॅझची लय भरली. १९८४च्या ‘व्हेरिएशन्स’चा मुखडा ऐकताना स्ट्राव्हिन्स्कीच्या ‘राइट ऑफ स्प्रिंग’च्या सुरुवातीची बासूनची धून आठवते, पण ती झुलत येते. त्याच वर्षीच्या एट्यूड्स, १९८८चे चोवीस प्रेल्यूड्स, १९९७चे चोवीस प्रेल्यूड्स आणि फ्यूग्ज, वीस पियानो सोनाटा, सहा पियानो कॉन्चेर्तो, असा संसार वाढत गेला. सगळंच सारख्या तोलाचं आहे असं मी म्हणणार नाही. काही सोनाटांत सुरांची दाटी इतकी होते की श्वास घ्यायला जागा उरत नाही. पण एट्यूड्स आणि प्रेल्यूड्स या विसाव्या शतकातल्या पियानोच्या ठेव्यात मानाने बसतील अशा रचना आहेत.

तो स्वतः निःसंदिग्धपणे सांगे की आपण जॅझवाले नाही, आयत्या वेळच्या सुचण्यात आपल्याला रस नाही; आपली उपज लिहिलेली आहे आणि लिहिल्यामुळे ती सुधारली. हे मला आधी उद्धट वाटलं होतं. आता पटतं. लिहिताना त्याने सुचलेलं पुन्हा पुन्हा तपासलं, कमअस्सल ते टाकलं, आणि उरलं त्यातली उसळी जाऊ दिली नाही. ही शेवटची गोष्ट सगळ्यांत अवघड.

दाद उशिरा मिळाली. रशियात पियानोवादक निकोलाय पेत्रोव्हने त्याच्या रचना वाजवल्या. बाहेरच्या जगाला तो खऱ्या अर्थाने कळला तो पियानोवादक स्टीव्हन ऑसबोर्नच्या २०००च्या आणि मार्क-आंद्रे आमलँच्या २००४च्या ध्वनिमुद्रणांमुळे. तेव्हा त्याने साठी ओलांडली होती. आज जगभरचे तरुण पियानोवादक त्याच्या एट्यूड्स मैफलींत वाजवतात. २ जुलै २०२०ला मॉस्कोत तो गेला, तेव्हा त्याच्या क्रमांकित रचना १६१ झाल्या होत्या.

त्याने स्वतः वाजवलेली ध्वनिमुद्रणंही उपलब्ध आहेत. सुरुवात एट्यूड्सपासून करा. आधी नुसतं ऐका, मग स्वरलिपी समोर घेऊन ऐका.