डब्यातलं पाखरू

पावसाळ्यात कसाऱ्याला मावशीकडे गेलो होतो. तिने तांदळाचा डबा उघडला आणि चार-पाच करडी पाखरं फडफडत बाहेर आली. "जाळी लागली रे," म्हणत तिने तांदूळ सुपात ओतले. रेशमासारख्या धाग्यांनी दाणे एकमेकांना चिकटून त्यांचे गोळे झाले होते. "शेतात भाताला लागतात ती हीच का पाखरं?" तिने विचारलं. प्रश्न साधा, पण शास्त्रज्ञांनाही त्याने दमवलं आहे.

डब्यातलं पाखरू म्हणजे तांदळाचा पतंग, कॉर्सिरा सेफॅलोनिका. 1866 मध्ये स्टेन्टन या इंग्रज अभ्यासकाने त्याचं वर्णन केलं. गंमत म्हणजे आपल्या तांदळात राहणाऱ्या या कीटकाच्या नावात कॉर्फू आणि केफालोनिया ही ग्रीक बेटं आहेत! शेतातला पिवळा खोडकिडा निराळा. त्याच्या मादीच्या पुढच्या दोन्ही पंखांवर एकेक काळा ठिपका असतो.

हॅम्पसनने 1896 मध्ये हिंदुस्थानातल्या पतंगांवरच्या ग्रंथात दोघांनाही पायरॅलिडी या एकाच कुळात घातलं होतं. पुढे ते कुळ फुटलं, आणि फुटलं ते कानावरून. या पतंगांचे कान डोक्यावर नसतात, पोटाच्या सुरुवातीला असतात. कानाची कुपी बंद असेल तर पायरॅलिडी, उघडी असेल तर क्रॅम्बिडी. खोडकिडा क्रॅम्बिडीत गेला. उलट मधमाश्यांच्या पोळ्यातलं मेण पोखरणारा पतंग मात्र आपल्या डब्यातल्या पाखराचा जवळचा भाऊबंद, एकाच उपकुळातला.

ट्रायकोग्रामा या मित्रकीटकाला ही वाटणी मान्य नाही. जेमतेम अर्ध्या मिलिमीटरचा हा जीव पतंगाच्या अंड्यात आपलं अंडं घालतो, मग पतंग कोणत्याही कुळातला असो. म्हणून प्रयोगशाळांत ज्वारीच्या भरड्यावर तांदळाचे पतंग मुद्दाम वाढवतात. त्यांची अंडी कार्डावर चिकटवून त्यांत ट्रायकोग्रामा वाढवतात आणि ती ट्रायकोकार्डं भाताच्या शेतात लावतात. त्यातून निघालेले मित्रकीटक खोडकिड्याची अंडी शोधून संपवतात. घरातला चोर शेतात असा कामाला येतो.

डब्यात मात्र त्याचे लाड नकोत. नुकसान उडणारं पाखरू करत नाही, त्याची अळी करते. मावशीने डब्यात टाकायला विषारी पावडर आणून ठेवली होती, ती मी बाजूला काढायला लावली. खायच्या धान्यात विष कशाला? पावसाळ्याआधी तांदूळ चांगला वाळवावा, चाळावा आणि घट्ट झाकणाच्या कोरड्या डब्यात भरावा.

मावशीने सगळं ऐकून घेतलं आणि गोळे निवडून कोंबड्यांपुढे टाकले.