चितळकरांची बोलती चाल

मनमाडला रेल्वेच्या वाटा वेगळ्या होतात. एक जुन्या निजामी मुलखातून आपल्या छत्रपती संभाजीनगरकडे येते, दुसरी कोपरगाव-पुणतांब्यावरून दौंडला जाते. गोदाकाठचे पुणतांबे लोकांना ठाऊक असते ते चांगदेवांच्या समाधीमुळे. १२ जानेवारी १९१८ रोजी याच गावात रामचंद्र नरहर चितळकर जन्मले आणि पुढे सी. रामचंद्र या नावाने त्यांनी शंभराहून अधिक हिंदी चित्रपटांना संगीत दिले. त्यांच्यावरच्या बहुतेक लेखनात त्यांचे दोन तुकडे केलेले असतात. एक रामचंद्र बोंगो, सॅक्सोफोन आणि ट्रम्पेट घेऊन पडद्यावर धुमाकूळ घालणारा, तर दुसरा ‘अनारकली’तला, भीमपलासात विरघळणारा. पहिल्याकडे कौतुकाने हसायचे, दुसऱ्यापुढे हात जोडायचे, अशी ही वाटणी. ती सोयीची आहे, पण गाणी लक्ष देऊन ऐकली की टिकत नाही. या माणसाला सुरांआधी पात्र दिसत असे. पात्र जसे बोलेल तशी चाल, आणि त्या बोलण्याला शोभतील ती वाद्ये, असा त्यांचा क्रम दिसतो. तो ध्यानात घेतला की दोन रामचंद्र उरत नाहीत.

हे कुठून आले हे त्यांच्या उमेदवारीत दिसते. नागपूरला शंकरराव सप्रे आणि पुण्याला विनायकबुवा पटवर्धन अशी त्यांची तालीम शुद्ध शास्त्रोक्त. पण चित्रपटात ते आले नट म्हणून. ‘नागानंद’ या बोलपटात ते चक्क नायक होते. चित्रपट पडला, नायकपण गेले. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये किरकोळ भूमिका आणि हार्मोनियमची साथ. भगवान पालव, म्हणजे आपले भगवानदादा, यांच्या ओळखीने आधी तमिळ चित्रपट मिळाले आणि १९४२ मध्ये ‘सुखी जीवन’पासून हिंदीत स्वतंत्र काम सुरू झाले. राम चितळकर, अण्णासाहेब, सी. रामचंद्र, गायक म्हणून नुसते चितळकर: इतकी नावे एका माणसाने वापरली. फसलेल्या नटाने सोंगे बदलायची हौस अशी भागवली असावी, असे म्हणण्याचा मोह होतो.

पुरावा ‘शहनाई’पासून (१९४७) घेऊ. रविवारच्या भेटीचे ते गाजलेले गाणे तेव्हा अनेकांना थिल्लर वाटले. पण त्याची बांधणी पाहा. साहेबी थाटाचा एक प्रियकर बोलावतो, ती त्याला उडवून लावते. पुरुषाचा आवाज खुद्द चितळकरांचा. स्वर थोडे, वाक्ये तुटक, आणि प्रत्येक उत्तर मागच्या बोलण्यावर आपटून परत येणारे. ‘पतंगा’तले (१९४९) रंगूनच्या टेलिफोनचे गाणे त्याच्या पुढचे पाऊल. तिथे समोरासमोर उभे राहायचीही सोय नाही. शमशाद बेगम आणि चितळकर यांना तारेवरून संसार करायचा आहे. चाल इतकी सोपी की कुणीही गुणगुणावी, पण तिची सगळी गंमत कोण कुठे थांबतो आणि कुठे घाई करतो यावर उभी आहे. भारुडात सोंग उभे राहून बोलायला लागते आणि बोलता बोलता गायला लागते, तसाच हा प्रकार. एकनाथांच्या पैठणपासून आपण फार लांब नसल्याने हे इथल्या वाचकाला निराळे समजावून सांगायला नको. भारुडाचा त्यांच्यावर प्रभाव होता असा माझा दावा नाही. जात एक आहे, एवढेच.

आता पहिला आक्षेप, आणि तो खरा आहे: नक्कल. ‘समाधी’तले (१९५०) गोऱ्या छोऱ्याला उद्देशून असलेले गाणे एडमंडो रॉस यांच्या लॅटिन अमेरिकी ढंगाच्या गाण्यावरून घेतलेले आहे. ते नाकारण्यात अर्थ नाही आणि ‘सगळेच घेत होते’ ही सबब लंगडी आहे. मात्र घेतल्यावर त्याचे काय झाले हेही पाहायला हवे. लता मंगेशकर आणि अमीरबाई कर्नाटकी या दोघींमध्ये ते वाटले गेले आणि उसन्या चालीचा संवाद झाला. चाल परकी, बोलणे इथले. ‘अलबेला’त (१९५१) तर पाश्चात्त्य वाद्यांचा ताफा पडद्यावरच आला: आल्दोना गावचे अँतोनियो झेवियर वाझ, म्हणजे ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट, आपल्या वादकांसह चित्रपटात दिसतात. गोव्याच्या या वादकांना हिंदी चित्रपटसंगीताने दिलेले श्रेय फारच तोकडे आहे, हे जाता जाता नोंदवतो. पण त्याच ‘अलबेला’त पिलूच्या अंगाने जाणारी अंगाईही आहे. एका नाटकवेड्या कारकुनाच्या कथेत रंगमंचावरचा झगमगाट आणि घरातली रात्र यांना वेगवेगळी भाषा लागते. रामचंद्रांनी ती दिली. यात व्यक्तिमत्त्व दुभंगल्याचा प्रश्न येतोच कुठे?

‘अनारकली’चे (१९५३) उदाहरण माझ्या म्हणण्याविरुद्ध पुढे केले जाते, कारण ती त्यांची अभिजात बाजू. पण त्यातले नशेचे गाणे आठवा. नायिका धुंद असल्याचे भासते आणि लताबाईंच्या गळ्यातून चक्क उचकी येते. गोड चालीच्या मध्येच अभिनय घुसतो. भीमपलासातल्या त्या प्रसिद्ध गाण्यातही तानांचा सोस नाही. शब्द सुटा, ठसठशीत ऐकू येतो आणि राग मागे उभा राहतो. विनायकबुवांच्या शिष्याला ताना येत नव्हत्या असे थोडेच आहे! त्या त्यांनी टाळल्या. ‘आझाद’ची (१९५५) गाणी त्यांनी महिन्याभराच्या मुदतीत केली, नौशाद यांनी अशा घाईला नकार दिल्यावर काम त्यांच्याकडे आले, ही हकिकत सर्वश्रुत आहे. वेगाला उथळपणा समजणाऱ्यांनी त्यातले लता-चितळकर युगुलगीत ऐकावे. त्यातला पुरुषाचा आवाज अनेकांना आजही तलत महमूद यांचा वाटतो, इतका त्यांनी तो कापरा, मखमली केला आहे. रंगूनच्या फोनवर ओरडणारा माणूस हाच.

दिल्लीत २७ जानेवारी १९६३ रोजी पंडित नेहरूंसमोर लताबाईंनी गायलेल्या कवी प्रदीप यांच्या गीतालाही हीच फूटपट्टी लागते. आरंभी ताल नाही. बाई लोकांना उद्देशून जवळजवळ बोलतात, समजावतात, आणि सभा ताब्यात आल्यावरच चाल पाऊल टाकते. भाषण कसे सुरू करावे हे ठाऊक असलेल्या माणसाचे हे काम आहे.

मग एवढ्या ताकदीचा संगीतकार साठच्या दशकात मागे का पडला? ठरलेले उत्तर लताबाईंशी आलेल्या दुराव्याचे. ते पुरे पडत नाही. दुरावा आल्यावरच्या ‘नवरंग’मध्ये (१९५९) आशा भोसले आणि महेंद्र कपूर यांच्याकडून त्यांनी काढलेले काम कुणाच्या आधारावाचून अडलेल्या माणसाचे नाही. मला दुसरी कारणे अधिक पटतात. ज्या भगवानदादांच्या खेळकर चित्रपटांत त्यांची शैली फुलली, त्यांचेच ‘झमेला’ आणि ‘लाबेला’ आपटले. शंकर-जयकिशन यांच्या ‘बरसात’पासून (१९४९) व्हायोलिनांचे भरघोस ताफे रूढ होत गेले, आणि पुढच्या रंगीत प्रेमपटांत गाण्याचा अर्थ झाला विस्तीर्ण दृश्य. दरीखोऱ्यांतून घुमणाऱ्या आवाजाला समोर कुणी बोलणारे लागत नाही. रामचंद्रांना ते लागत असे. ओ. पी. नय्यर यांच्याकडेही छेडछाडीची संवादगीते होती आणि ते तगले, हे खरे. पण नय्यर यांच्याकडे संवाद ठेक्यावर स्वार असतो, शब्द काढून घेतला तरी टाळी चालू राहते. रामचंद्रांच्या गाण्यातून पात्र काढले की फार थोडे उरते.

१९७७ मध्ये ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र आले आणि ५ जानेवारी १९८२ ला ते गेले. त्याआधी मराठीत त्यांना पुन्हा बोलकी जागा सापडली होती. ‘घरकुल’मध्ये (१९७०) गदिमांच्या शब्दांवर त्यांनी आईबाप आणि लेकरांचे गाणे केले: पप्पा कुणाचे, मम्मी कुणाची, याचा सवालजवाब. ‘शहनाई’तल्या त्या रविवारच्या भांडणाला तेव्हा तेवीस वर्षे झाली होती.