पंकज मलिक : घराघरांतले गानगुरू

त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांच्या नावाचा पुरस्कार आपणा सर्वांना ठाऊक आहे. १९७२ सालचा हा पुरस्कार पंकज मलिक या बंगाली संगीतकाराला मिळाला. आजी-आजोबांना त्यांची गाणी आठवत असतील. मुलांसाठी त्यांची ओळख आम्ही येथे करून देत आहोत.

पंकजबाबूंचा जन्म १० मे १९०५ रोजी कोलकात्यात झाला. १९२७ मध्ये तेथे रेडिओ सुरू झाला आणि त्याच वर्षी ते रेडिओवर गाऊ लागले. पुढे न्यू थिएटर्स या चित्रसंस्थेत ते संगीतकार झाले. त्या काळी नटाला कॅमेऱ्यासमोर स्वतःच गावे लागे. त्यामुळे गळा नसलेल्या नटाची पंचाईत होई. एकदा पंकजबाबू घरी तबकडीबरोबर गात असताना दिग्दर्शक नितीन बोस यांनी पाहिले. गाणे आधी ध्वनिमुद्रित करून नटाने फक्त ओठ हलवले तर? ही कल्पना त्यांना तेथे सुचली, असे सांगतात. १९३५ च्या 'भाग्यचक्र' आणि त्याच्या हिंदी आवृत्तीत, 'धूप छाँव'मध्ये, ती प्रत्यक्षात आली आणि पार्श्वगायन रूढ झाले.

रवींद्रनाथांच्या 'शेष खेया' या कवितेला पंकजबाबूंनी तरुणपणी चाल लावली होती. ती ऐकून रवींद्रनाथांनी संमती दिली आणि १९३७ च्या 'मुक्ति' चित्रपटात ते गाणे आले. या चित्रपटात पंकजबाबूंनी संगीत दिले, गायले आणि भूमिकाही केली. पुढे 'डॉक्टर'मध्ये तर ते नायक होते.

परंतु आम्हांला त्यांचे सर्वांत मोठे काम वाटते ते शिक्षकाचे. रेडिओवरील 'संगीत शिक्षार आसर' या कार्यक्रमात ते एकेक ओळ म्हणून दाखवत आणि श्रोते घरी बसून ती गिरवत. हा वर्ग त्यांनी चार दशकांहून अधिक काळ चालवला. शिकवणी परवडत नव्हती, त्या घरांतही त्यामुळे गाणे पोचले.

१९३१ पासून महालयाच्या पहाटे 'महिषासुरमर्दिनी' हा कार्यक्रम कोलकाता रेडिओवर लागे. लेखन बाणीकुमार यांचे, पठण बीरेंद्रकृष्ण भद्र यांचे आणि संगीत पंकजबाबूंचे. १९७६ मध्ये तो बाजूला ठेवून, लोकप्रिय नट उत्तमकुमार यांना घेऊन नवा कार्यक्रम लावण्यात आला. उतारवयातील पंकजबाबूंना हे किती लागले असेल! पण श्रोतेच संतापले. त्यांच्या आग्रहापुढे रेडिओला जुना कार्यक्रम परत आणावा लागला. १९ फेब्रुवारी १९७८ रोजी पंकजबाबू गेले. महालयाची पहाट मात्र आजही त्यांच्याच सुरांनी उजाडते.

पालकांना एवढीच विनंती, या सुट्टीत त्यांचे एखादे गाणे मुलांना जरूर ऐकवा. मुलांनो, ऐकून झाले की ते स्वतः म्हणूनही पाहा. पंकजबाबूंची शिकवण्याची रीत तीच होती.