वळत्या झोताची साठ वर्षं

१२ जून १९९९. पॅरिसजवळच्या ल बूर्जे विमानतळावर, भारतासाठी घडत असलेल्या सुखोई-३० एमकेआयचा एक नमुना कसरती दाखवत होता. पुढे वैमानिक व्याचेस्लाव अवेर्यानोव, मागे नेव्हिगेटर व्लादिमीर शेंद्रिख. गिरक्या घेत खाली आलेलं विमान अवेर्यानोव यांनी सावरलं, नाकही वर उचललं, पण उंची थोडक्यात कमी पडली. शेपटीकडचा भाग गवताळ जमिनीला घासला आणि एका इंजिनातून ज्वाळा निघाल्या. तरीही ते धूड नाक वर करून पुन्हा थोडं चढलं. तेवढ्या अवधीत दोघंही आसनांसकट बाहेर फेकले गेले. दोघं वाचले, जमिनीवरही कोणाचा जीव गेला नाही.

ज्या विमानासाठी भारताने अडीच वर्षांपूर्वी करार केला होता, त्याचा नमुना साऱ्या जगाच्या कॅमेऱ्यांसमोर असा कोसळला. दिल्लीने तरीही माघार घेतली नाही, आणि तो निर्णय मला आजही मोलाचा वाटतो. इंजिनाचा झोत वळवून विमान वळवायचं, म्हणजे थ्रस्ट व्हेक्टरिंग, हे तंत्र तेव्हा प्रयोगांत आणि प्रदर्शनांतच अडकलेलं होतं. लांब धावपट्टीवरून उडणाऱ्या कुठल्याही लढाऊ विमानात ते अजून रोजच्या सेवेत आलेलं नव्हतं.

साधं विमान वळतं ते हवेच्या जोरावर. पंखाची किंवा शेपटीची पाती थोडी वळवली की वाहत्या हवेचा दाब बदलतो आणि नाक हवं तिकडे जातं. पण हे चालतं ते हवा पंखाला धरून वाहते आहे तोवरच. नाक फार वर उचललं, पंखाने समोरच्या हवेशी धरलेला कोन एका मर्यादेपलीकडे गेला, की हवा पंखावरून सुटते आणि उचल कोसळते. वैमानिक याला स्टॉल म्हणतात. मग शेपटीची पातीही निकामी होऊ लागतात, कारण त्यांना धरायला सरळ वाहती हवाच उरत नाही. इंजिनाचा झोत मात्र तेव्हाही तितक्याच जोराने मागे फेकला जात असतो. नोझलचं तोंडच वळवलं, तर पंखाने हात टेकल्यावरही नाक फिरवता येतं. सगळी कल्पना एवढीच आहे.

लढाऊ विमानात ती आधी आली ती मात्र वेगळ्याच गरजेपोटी. युद्ध पेटलं तर धावपट्ट्या पहिल्याच दिवशी उखडल्या जातील, ही पन्नाशीच्या दशकातल्या युरोपची धास्ती होती. मिशेल विबो या फ्रेंच अभियंत्याच्या कल्पनेवर ब्रिस्टल कंपनीत स्टॅन्ली हूकर यांच्या चमूने काम केलं आणि पेगॅसस हे चार फिरत्या तोंडांचं इंजिन तयार झालं. ते पोटात घेऊन हॉकर पी-११२७ हे विमान २१ ऑक्टोबर १९६० रोजी जमिनीला बांधलेल्या स्थितीत पहिल्यांदा अधांतरी उचललं गेलं. त्यातूनच पुढे हॅरियर आलं. थ्रॉटलच्या शेजारी नोझल फिरवायचा एक वेगळा दांडा, आणि तो किती नि केव्हा ओढायचा हे वैमानिकाच्या हाताला कळायचं. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकी मरीन वैमानिकांनी हा दांडा हवाई चकमकींच्या सरावात ओढून पाहिला. विमान एकदम मंदावायचं आणि पाठलाग करणारा सरळ पुढे निघून जायचा.

१९८२ मध्ये फॉकलंडच्या युद्धात सी हॅरियरनी अर्जेंटिनाची वीस विमानं पाडली आणि हवाई लढतीत स्वतःचं एकही गमावलं नाही. हा फिरत्या नोझलचाच चमत्कार, अशी आख्यायिका लगेच तयार झाली. वैमानिकांनी मात्र नंतर सांगितलं की त्या युक्तीची वेळ जवळजवळ आलीच नाही. काम केलं ते समोरूनही लक्ष्य पकडू शकणाऱ्या नव्या साइडवाइंडर क्षेपणास्त्राने, वैमानिकांच्या तयारीने, आणि दूरच्या तळावरून येणाऱ्या अर्जेंटिनाच्या विमानांत लढण्यापुरतंही इंधन उरत नव्हतं या वस्तुस्थितीने. पुढच्या चाळीस वर्षांत हेच चित्र पुनःपुन्हा दिसलं: नाव झालं वळणाचं, नेम साधला क्षेपणास्त्राने.

पुढच्याच वर्षी, १९८३ च्या डिसेंबरात, भारतीय नौदलाची पहिली सी हॅरियर गोव्यात दाबोळीला उतरली. आयएनएस हंसाच्या त्या तळावर 'व्हाइट टायगर्स' स्क्वाड्रनने ती २०१६ पर्यंत उडवली. विक्रांत आणि विराट या विमानवाहू जहाजांच्या आखूड डेकवरून लढाऊ जेट उडत राहिलं ते या फिरत्या नोझलांमुळेच. हे यश कसरतींच्या गप्पांत हरवून जातं, म्हणून मुद्दाम नोंदवतो.

चकमकीसाठीच झोत वळवायचा, हा हट्ट धरला तो वोल्फगांग हेर्ब्स्ट या जर्मन अभियंत्याने. त्याचं गणित असं: दोन्हीकडची क्षेपणास्त्रं समोरासमोर झाडता येण्याइतकी चांगली झाली, की जो आधी नाक शत्रूकडे वळवेल तो जिंकेल. मग स्टॉलची मर्यादा का पाळायची? या विचारातून जर्मनी आणि अमेरिका यांचं एक्स-३१ हे प्रायोगिक विमान ११ ऑक्टोबर १९९० रोजी उडालं. झोताच्या तोंडाशी कार्बनची तीन पाती बसवलेली, ती आत-बाहेर करून झोत ढकलायचा. एप्रिल १९९३ मध्ये त्याने हेर्ब्स्टच्या कल्पनेतलं वळण प्रत्यक्ष घेतलं: नाक सत्तर अंशांपर्यंत उचलायचं, वेग पार मोडू द्यायचा, जवळपास जागच्या जागी फिरायचं आणि आलेल्या दिशेने परत निघायचं. ते पाहायला हेर्ब्स्ट नव्हता. १९९१ मध्ये स्वतःचं विमान चालवताना झालेल्या अपघातात तो गेला होता. एफ-१८ विमानांशी झालेल्या सराव-लढतींत एक्स-३१ ने बहुतेक डाव जिंकले. लढती मात्र एकास एक आणि जवळच्या होत्या, हे ध्यानात ठेवायला हवं.

रशियात गोष्ट वेगळ्या टोकाने सुरू झाली. १९८९ मध्ये, याच ल बूर्जेला, व्हिक्टर पुगाचोव्ह यांनी सुखोई-२७ चं नाक उभ्याच्याही मागे नेलं. पोट पुढे करून विमान क्षणभर तसंच सरकत राहिलं आणि मग नाक पुन्हा खाली आलं. ही 'कोब्रा' जगभर गाजली. त्या विमानात झोत वळवायची सोय नव्हती. ती सारी करामत त्याच्या घडणीची आणि पुगाचोव्ह यांच्या हाताची. मधल्या त्या क्षणांत वैमानिकाच्या हाती फारसं काही नसतं, विमान आपणहून परत येतं. १९९६ च्या सप्टेंबरात इंग्लंडमधल्या फार्नबरोला येवगेनी फ्रोलोव्ह यांनी सुखोई-३७ ला जवळजवळ जागच्या जागी पुरती उलटी कोलांटी मारायला लावली, ती मात्र वळत्या नोझलांच्या आधाराने. विमान स्टॉलच्या कितीतरी पुढे गेलेलं असताना ते कुठे जाणार हे वैमानिकच ठरवत होता.

त्यानंतर तीनच महिन्यांत, ३० नोव्हेंबर १९९६ रोजी, भारताने इर्कुत्स्कमध्ये ४० सुखोईंच्या करारावर सही केली. पहिली काही विमानं साध्या नोझलची होती, ती १९९७ मध्ये पुण्याला लोहगावच्या तळावर दाखल झाली. झोत वळवणारी पहिली एमकेआय तिथेच २७ सप्टेंबर २००२ रोजी हवाई दलात आली. झोत वळवणारं अमेरिकेचं एफ-२२ रॅप्टर सेवेत यायला २००५ चा डिसेंबर उजाडला. सुखोईचा साचा रशियन, बरीच उपकरणं फ्रेंच आणि इस्रायली, काही संगणक भारतीय. इतकी सरमिसळ एकजीव होईल का, अशी शंका तेव्हा पुष्कळांनी घेतली होती. ती झाली, आणि याचं श्रेय आपल्याकडच्या अभियंत्यांना पुरेसं दिलं जात नाही, असं माझं मत आहे.

एमकेआय उभं असताना त्याच्या मागे जाऊन पाहिलं, तर दोन्ही नोझलं खाली झुकलेली दिसतात. इंजिन बंद म्हणजे त्यांना पेलणारा दाबही बंद. इंजिन चालू असताना प्रत्येक नोझल एकाच रेषेत १५ अंश इकडे, १५ अंश तिकडे हलतं. झोत चहूकडे फिरवणारा सांधा जड आणि किचकट झाला असता. त्याऐवजी हे इंजिन घडवणाऱ्या ल्युल्का कारखान्याच्या अभियंत्यांनी दोन्ही नोझलांच्या या रेषा सरळ उभ्या न ठेवता ३२ अंश बाहेरच्या बाजूला कलत्या ठेवल्या. आता दोन्ही नोझलं एकदम खाली किंवा वर गेली की नाक वर-खाली होतं. एक वर आणि एक खाली गेलं की विमान एका बाजूला कलतं आणि नाक डावी-उजवीकडेही फिरतं. प्रत्येक नोझलची हालचाल एकच, पण दोघांच्या जोडीने तिन्ही अक्षांवर ताबा मिळतो. वैमानिकाला हॅरियरसारखा वेगळा दांडा ओढावा लागत नाही. तो काठी हलवतो आणि कुठल्या पात्याने किती, नोझलने किती, हे संगणक ठरवतो. इतकी नेटकी युक्ती यंत्रशास्त्रात क्वचित दिसते.

डिसेंबर २००० च्या करारानुसार ही विमानं नाशिकजवळ ओझरला बांधायचं ठरलं, इंजिनं ओडिशातल्या कोरापुटला. १९६४ मध्ये मिग बांधण्यासाठी उभ्या राहिलेल्या ओझरच्या कारखान्यातून पहिलं सुखोई २००४ च्या अखेरीस बाहेर पडलं. ८ जून २००६ रोजी राष्ट्रपती अब्दुल कलाम लोहगावहून सुखोईत बसून उडाले, आणि २५ नोव्हेंबर २००९ रोजी, वयाच्या ७४ व्या वर्षी, प्रतिभाताई पाटील.

परदेशातल्या सरावांत मात्र या नोझलांवर खडाजंगी झाली. २००८ मध्ये अमेरिकेतल्या रेड फ्लॅग सरावानंतर एका अमेरिकी कर्नलचं भाषण इंटरनेटवर पसरलं. त्याचा दावा होता की भारतीय वैमानिक झोत वळवून गर्रकन फिरतात, तेव्हा विमान दगडासारखं खाली बसतं, आणि एफ-१५ वर जाऊन आरामात नेम धरतं. त्या भाषणातले तपशील पुष्कळ ठिकाणी चुकले होते आणि त्यावर आपल्याकडे रागही आला. पण त्यातला मूळ मुद्दा खरा आहे. अमेरिकी वैमानिक जॉन बॉइड यांनी साठच्या दशकातच मांडलं होतं की हवाई लढतीतली खरी पुंजी म्हणजे वेग आणि उंची. सत्तर अंशांवर नाक नेणारा वैमानिक ती पुंजी एका फटक्यात उधळतो, आणि एवढं जड विमान पुन्हा वेग धरायला अनेक सेकंद घेतं. समोर एकच शत्रू असेल तर डाव साधतो, दुसरा वर टपलेला असेल तर जीवावर बेततो. २०१५ मध्ये ब्रिटनमधल्या इंद्रधनुष सरावात भारतीय बाजूने ब्रिटिशांच्या टायफून विमानांवर १२-० असा विजय सांगितला, ब्रिटिशांनी तो मानला नाही. माझ्या मते दोन्ही वादांत एकच चूक आहे. या तंत्राला वाखाणणारे आणि हिणवणारे, दोघंही ते प्रदर्शनातल्या कोलांटीवरूनच जोखतात.

त्याचा रोजचा उपयोग त्याहून शांत आहे. विमान गिरकीत सापडलं आणि पाती निकामी झाली, तरी झोताने ते बाहेर काढता येतं. वैमानिक स्टॉलच्या कडेवर निर्धास्त उडवू शकतो, कारण कडा ओलांडली तरी ताबा सुटत नाही. एफ-२२ ची चपटी नोझलं वर-खाली २० अंश वळतात. विरळ हवेत, फार उंचावर, जिथे पात्यांना पकड कमी मिळते, तिथे त्यांचा फायदा होतो. या गोष्टींना टाळ्या पडत नाहीत.

आणि जवळच्या लढतीतलं ते गर्रकन वळणं? ते क्षेपणास्त्राने उचललं. सोव्हिएत आर-७३ च्या झोताच्या तोंडाशी आधीपासूनच वळवणारी पाती होती. वैमानिक हेल्मेटमधून नुसता मान वळवून शत्रूकडे पाहायचा आणि नाक दुसरीकडे असतानाही ते डागायचा. दोन्ही जर्मनी एक झाल्यावर पूर्वेची मिग-२९ पश्चिमेच्या हाती आली, तेव्हा नाटो देश हे पाहून हादरले. नंतर अमेरिकेच्या एआयएम-९एक्समध्ये, जर्मनीच्या पुढाकाराने झालेल्या आयरिस-टीमध्ये आणि फ्रेंच मिकामध्ये झोत वळवायची सोय आली. क्षेपणास्त्रात माणूस नसतो, त्यामुळे माणूस शुद्ध हरपेल असली वळणं ते सहज घेतं. म्हणूनच राफेलला वळती नोझलं नसली तरी त्याच्या पंखाखालच्या मिकाला वळता झोत आहे. एफ-३५ च्या साध्या आवृत्तीतही विमान वळवणारी नोझलं नाहीत. उभं उतरणाऱ्या एफ-३५बीचं इंजिनाचं तोंड फिरतं, ते हॅरियरच्याच जुन्या कामासाठी.

हेर्ब्स्टचं गणित चुकलं नव्हतं. आधी नाक वळवणारा जिंकेल हे खरंच ठरलं, फक्त ते नाक क्षेपणास्त्राचं निघालं. दूरच्या माऱ्यापुढे तर तेही मागे पडत चाललंय. २७ फेब्रुवारी २०१९ रोजी काश्मीरच्या आकाशात सुखोईंना तोंड द्यावं लागलं ते पाकिस्तानी विमानांनी लांबून डागलेल्या ॲमरॅम क्षेपणास्त्रांना. त्यानंतर आपल्याकडे चर्चा झाली ती रडारची आणि क्षेपणास्त्रांच्या पल्ल्याची. नोझलचा विषय कोणी काढला नाही.

दरम्यान सुखोईने नवं काम अंगावर घेतलं. २५ जून २०१६ रोजी ओझरहून एक एमकेआय पोटाखाली अडीच टनांचं ब्रह्मोस क्षेपणास्त्र लटकवून उडालं, आणि पुढच्या वर्षी नोव्हेंबरात ते डागूनही झालं. हवेत कोलांट्या मारण्यासाठी ज्याचं नाव झालं, ते विमान आज शेकडो किलोमीटर दूर मारा करण्यासाठी ओळखलं जातं. मला यात काही वाया गेल्यासारखं वाटत नाही. मोठं, दोन इंजिनांचं, दोन माणसांचं विमान घेतलं म्हणूनच हे ओझं पेलता आलं.

सप्टेंबर २०२४ मध्ये संरक्षण मंत्रालयाने कोरापुटला एमकेआयच्या आणखी २४० एएल-३१एफपी इंजिनांचं काम दिलं. म्हणजे वळती नोझलं आपल्या आकाशात अजून बरीच वर्षं राहणार. डिसेंबरात ओझरला आणखी १२ सुखोईंची मागणी मिळाली. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्याच ओझरहून तिथे बांधलेलं पहिलं तेजस मार्क-१ए उडालं. त्याचं नोझल सरळ आहे, वळत नाही. ती चपळाई त्याच्या पंखाखालच्या क्षेपणास्त्रांकडे आणि वैमानिकाच्या हेल्मेटकडे सोपवलेली आहे.